फिलमोरचा टब

राष्ट्राध्यक्ष चार वर्षं देश चालवतो, जमल्यास आठ. त्यानंतर त्याला कायमचं चालवण्याची जबाबदारी लहान गावांवर येऊन पडते. गावं ती मन लावून पार पाडतात. इतिहासकार करार, युद्धं आणि कायदे लिहून ठेवतात, पण ती पुस्तकं जाड असतात, आणि जाड पुस्तक घरात हात पोहोचणार नाही अशा जागी ठेवलं जातं. हाताशी राहतं ते वेगळंच.

उदाहरणार्थ, एक राष्ट्राध्यक्ष पहाटे नदीत विवस्त्र पोहत असे. एकाने शपथविधीला ओव्हरकोट न घालता पावणेदोन तास भाषण केलं आणि महिन्याभरात वारला. एक शिंपी होता. एकाने आधीच्या नोकरीत दोन माणसांना स्वतःच्या हाताने फाशी दिली होती. एकाला सणाच्या जेवणासाठी म्हणून कुणी रॅकून हे मांजराएवढं रानटी जनावर जिवंत पाठवलं, ते त्याने पाळलं. एकाने मुलाच्या गुरुजींना पत्र लिहिलं. एकाने सहाशे किलोंचा चीजचा गोळा व्हाइट हाऊसमध्ये ठेवला आणि जाताजाता जनतेला खाऊ घातला. एवढं माहीत असलं की नागरिक म्हणून माणूस पुरा होतो.

ओहायो राज्याने देशाला आठ राष्ट्राध्यक्ष दिले, असं ओहायोचं म्हणणं आहे. (आठवा व्हर्जिनियात जन्मला होता, पण नंतर इथे राहायला आला, आणि राहायला आलेल्याला ओहायो सोडत नाही.) त्याच ओहायोतल्या पाईक हॉलो या अकराशे चाळीस वस्तीच्या गावाने एकही दिला नाही. शेजारच्या तालुक्यात एका राष्ट्राध्यक्षाचं घर आहे, त्याच्या पलीकडे दुसऱ्याची कबर आहे, आणि मधून पाईक हॉलोचा रस्ता जातो, त्यावरून पर्यटक न थांबता जातात. अशा गावाला काहीतरी करणं भाग होतं. म्हणून १९६९ साली गावाच्या स्वयंसेवी अग्निशमन दलाने राष्ट्राध्यक्ष प्रश्नमंच सुरू केला.

हा प्रश्नमंच दरवर्षी फेब्रुवारीतल्या राष्ट्राध्यक्ष दिनाच्या आदल्या शनिवारी दुपारी दोन वाजता बंबघरात होतो. दोन्ही बंब बाहेर बर्फात उभे करतात आणि आत टेबलं मांडतात. (या चार तासांत आग लागू नये अशी गावाची अपेक्षा असते आणि आजवर आगीनेही ती पाळली आहे.) पन्नास प्रश्न, पन्नास गुण. सोबत घेवड्याचं सूप, मक्याचा पाव आणि शेंगदाण्याच्या लोण्याच्या चॉकलेटी वड्या. जिंकणाऱ्याचं आडनाव आणि साल पितळी पट्टीवर कोरून भिंतीवरच्या अक्रोडाच्या फळ्यावर लावतात. जागा वाचावी म्हणून फक्त आडनाव.

प्रश्न आणि उत्तरं कार्डांवर आहेत, आणि कार्डं पाककृतींच्या एका जुन्या पत्र्याच्या डब्यात. बटाट्याच्या सॅलडची दोन कार्डं अजून त्यात आहेत, कारण डब्यातलं काही काढायचं नाही असा नियम आहे. एकूण नियम बारा. त्यातला सातवा असा: उत्तराविरुद्धची हरकत लेखी द्यावी, सोबत तीन पुरावे जोडावेत, त्यांपैकी एक पुरावा डब्यातलं कार्ड हाच असावा.

या नियमामुळे पन्नास वर्षांत एकही हरकत मान्य करण्याची वेळ आलेली नाही. कोणत्याही संस्थेने अभ्यास करावा असा हा नियम आहे.

टेसा ग्रूबने तो जानेवारी २०१९ मध्ये पहिल्यांदा वाचला. ती एकोणतीस वर्षांची होती, रसायनशास्त्रात पदवी घेऊन चार वर्षं राज्याच्या राजधानीत, कोलंबसला राहिली होती आणि आता जिल्ह्याच्या प्रयोगशाळेत विहिरींचं पाणी तपासायची. गावात परतल्यावर तिने सवयीने थोडी मोजणीही केली होती. प्रयोगशाळेत नमुना घेऊन येणाऱ्या दोनशे बारा प्रौढांपैकी त्या रॅकूनचं नाव दोनशे चार जणांना सांगता आलं. आपल्या विहिरीच्या पाण्यात नायट्रेट किती आहे हे अकरा जणांना सांगता आलं. (त्यातले सात जण चुकले. रॅकूनच्या बाबतीत कुणीही चुकलं नाही.)

तिची हरकत चौदाव्या प्रश्नाला होती. चौदावा प्रश्न दरवर्षी तोच असतो, म्हाताऱ्यांना मध्येच जरा दम घेता यावा म्हणून: व्हाइट हाऊसमध्ये पहिला आंघोळीचा टब कुणी बसवला? कार्डावरचं उत्तर: मिलर्ड फिलमोर.

फिलमोरने टब बसवला नव्हता. ती गोष्ट १९१७ साली एका पत्रकाराने थट्टा म्हणून रचून छापली होती. लोकांनी ती खरी धरली, तेव्हा १९२६ साली त्यानेच छापून कबूल केलं की मी थापा मारल्या. ही कबुली छापणाऱ्या एका वृत्तपत्राने तीनच आठवड्यांनी टबची गोष्ट पुन्हा बातमी म्हणून छापली. पाणी आणि न्हाणीघर व्हाइट हाऊसमध्ये फिलमोरच्या जवळजवळ वीस वर्षं आधीच आलेलं होतं. पण कबुली डब्यात नव्हती.

टेसाला इतिहासाचं विशेष प्रेम नव्हतं. तिला वडिलांचं होतं. लॉइड ग्रूब हा गावचा प्लंबर. पाईक हॉलोतले निम्मे टब त्याने बसवलेले. १९९० साली त्याने आपल्या धंद्याच्या मासिकात फिलमोरच्या थापेविषयी वाचलं, आणि १९९१च्या प्रश्नमंचात चौदाव्या प्रश्नाखाली स्वच्छ अक्षरांत लिहिलं: "फिलमोरने नाही. ही एका पत्रकाराची थट्टा आहे." तो पंचेचाळीस गुणांवर थांबला. बंबप्रमुख हार्लन टाउल सेहेचाळीस गुणांनी जिंकला. जिच्या आयुष्यभराच्या कामाला या विषयात मत देण्याचा अधिकार होता अशी गावातली एकमेव व्यक्ती नेमक्या त्याच प्रश्नावर हरली, असा हा निकाल होता.

त्यानंतर लॉइडने बंबघरात पाऊल टाकलं नाही. १९९८च्या थंडीत तिथला नळ फुटला तेव्हाही तो आत गेला नाही; बाहेर गाडीतळावर उभं राहून त्याने उघड्या खिडकीतून दुरुस्ती सांगितली. ("डावीकडे फिरव. तुझं डावं नाही, नळाचं डावं.") आता तो चौऱ्याहत्तर वर्षांचा होता, गुडघे गेले होते, आणि एप्रिलमध्ये तो कायमचा बहिणीकडे ॲरिझोनाला जाणार होता, जिथे बर्फ नाही आणि त्याला ओळखणारं कुणी नाही. जाण्याआधी त्या फळ्यावर 'ग्रूब' हे आडनाव लागलेलं त्याने बघावं, एवढंच टेसाला हवं होतं.

तिच्या हरकतीला आठ दिवसांत उत्तर आलं. "आपला अर्ज व सोबतची चौदा कागदपत्रं पोहोचली. समितीने ती वजन करून पाहिली (पावणेतीन पौंड). नियम सातनुसार आवश्यक असलेला एक पुरावा त्यांत आढळत नाही. शिवाय समितीच्या असं निदर्शनास आलं आहे, की फिलमोर यांच्याकडून टब काढून घेतल्यास त्यांच्याकडे पळून गेलेल्या गुलामांना पकडून मालकांच्या हवाली करण्याच्या कायद्यावरची सही तेवढी उरते. लहान मुलं या कार्यक्रमाला येत असल्याने समितीला टब बरा वाटतो." खाली सही: बर्निस टाउल, डब्याच्या सांभाळकर्त्या.

बर्निस टाउल ही हार्लनची विधवा. वय एक्याऐंशी. तिच्या विहिरीचा वार्षिक नमुना घ्यायचा होताच, म्हणून टेसा बाटल्या घेऊन तिच्या स्वयंपाकघरात गेली आणि तिने नळ सोडला.

"किती वेळ वाहू द्यायचं?" बर्निसने विचारलं.

"पाच मिनिटं. नळीत साचलेलं पाणी आधी जाऊ द्यावं लागतं."

"मग पाच मिनिटं तू फिलमोरवर बोलणार. बस."

टेसा बसली. "मिसेस टाउल, ते उत्तर चूक आहे."

"माहीत आहे मला."

"तुम्हाला माहीत आहे?"

"हार्लनलाही माहीत होतं. तुझ्या बापाने ते मासिक दुकानात, न्हाव्याकडे, टपालात, सगळीकडे मोठ्याने वाचून दाखवलं होतं. सबंध हिवाळाभर. मी झोपेत म्हणून दाखवेन."

"मग हार्लनकाकांनी फिलमोर का लिहिलं?"

"डब्यात फिलमोर होतं म्हणून. ती परीक्षा राष्ट्राध्यक्षांची नाही, पोरी. डब्याची आहे. हे तुझ्या बापाला कळलं नाही, आणि तू तर कॉलेजात जाऊन आलीस."

टेसाने नळाकडे बघितलं. पाणी स्वच्छ दिसत होतं. दिसण्यावर काही नसतं.

"हार्लनच्या थडग्याच्या दगडावर कोरलंय," बर्निस म्हणाली. "पती, पिता, बंबप्रमुख, विजेता १९९१. शेवटचं त्यानेच सांगून ठेवलं होतं. मी म्हटलं, अरे, आगीतून चार माणसं बाहेर काढलीस ते लिहू. तर म्हणतो, ते काम होतं." तिने कॉफी ओतली. "तुझं खरं असेल. पण दगड खरवडला की खरवडलेला दिसतो."

"मला दगडाचं काही करायचं नाहीये. मला फक्त बाबांचं नाव..."

"मग नियम अकरा वाच ना. चौदा कागद जोडतेस आणि पुढचं पान उलटत नाहीस."

नियम अकरा असा: डब्यातलं कार्ड दुरुस्त करण्याचा अधिकार त्या वर्षीच्या विजेत्याला राहील, दुरुस्ती त्याने स्वतःच्या हाताने, शाईने करावी. हा अधिकार आजवर एकाही विजेत्याने वापरलेला नाही. डब्यात चूक आहे असं जिंकलेल्या माणसाला कधी आढळलेलं नाही.

टेसाला या यंत्राची रचना समजली आणि मनातल्या मनात तिने त्याला दाद दिली. चूक सुधारायची तर जिंकायला हवं, आणि जिंकायचं तर चूक लिहायला हवी.

"मी भाग घेतेय," तिने संध्याकाळी वडिलांना सांगितलं.

लॉइड वाकून स्वतःच्याच सिंकखालचं काहीतरी आवळत होता. "चौदाव्याला काय लिहिणार?"

"बघू."

"बघू म्हणजे फिलमोर." तो गुडघ्यावर हात टेकून उठला. "लिहायचं तर खरं लिही. नाहीतर जाऊ नकोस."

"बरं."

"आणि त्या ऑर्विल शॉल्कला हरव. नऊ वेळा जिंकलाय. दात काढताना पेशंटला राष्ट्राध्यक्षांच्या बायकांची नावं म्हणायला लावतो."

"बाबा, दोन्ही जमणार नाही. ऑर्विल एका गुणानेसुद्धा मागे राहत नाही."

"माझ्या वेळी मला कुणी विचारलं नाही काय जमेल ते," लॉइड म्हणाला आणि परत सिंकखाली गेला.

शनिवारी त्यानेच तिला गाडीतून सोडलं. आत मात्र आला नाही. इंजिन चालू ठेवून बंबांच्या बाजूला बसून राहिला. बंबघरात चौसष्ट स्पर्धक होते. डॉ. ऑर्विल शॉल्क पहिल्या टेबलाशी तीन पेन्सिली समांतर ठेवून बसला होता. बर्निसने ॲप्रन न काढताच डब्याचं झाकण उघडलं आणि पहिलं कार्ड वाचलं.

तेरा प्रश्न टेसाला आले. चौदावं कार्ड बर्निसने नेहमीसारखंच वाचलं, सभागृहात नेहमीसारखाच समाधानाचा निःश्वास उमटला, आणि त्रेसष्ट पेन्सिली एकदम हलल्या. टेसाची हलली नाही. खिडकीतून गाडी दिसत होती. काच धुरकटली होती, तरी आतली टोपी ओळखू येत होती.

तिने हिशेब मांडला. खरं लिहिलं तर एक गुण जाणार. ऑर्विल चुकला तर एकदाच चुकेल. बरोबरी झाली तर नियम नऊप्रमाणे वयाने मोठा तो जिंकणार, आणि ऑर्विल तिच्यापेक्षा तीस वर्षांनी मोठा होता. उलट फिलमोर लिहून जिंकलं, तर उद्याच कार्ड दुरुस्त करता येईल. तसं झालं तर आजच्या सगळ्यांचाच एकेक गुण जाईल, तिचा नंबर तोच राहील, आणि १९९१ साली हार्लन पंचेचाळीस आणि लॉइड सेहेचाळीस होईल. खोटं फक्त एकदा आणि फक्त खऱ्यासाठी लिहायचं होतं. गणितात कुठेही चूक नव्हती. (असं गणित मांडणाऱ्यांच्या गणितात ती सहसा नसतेच.)

तिने लिहिलं: फिलमोर.

ऑर्विलला अठ्ठेचाळीस पडले. टेसाला एकोणपन्नास. टाळ्या झाल्या, ऑर्विलने हात मिळवला आणि तिचे दात एकदा बघून घेतले. पट्टी कोरणारा तिथेच कोपऱ्यात यंत्र घेऊन बसलेला असतो, त्याने दहा मिनिटांत 'ग्रूब २०१९' कोरून दिलं. मग बर्निसने फळ्यासमोर उभं राहून इकडेतिकडे बघितलं, आणि अंगावर कोटही न घालता गाडीतळावर जाऊन लॉइडच्या काचेवर टकटक केलं.

काच खाली आली.

"स्क्रूड्रायव्हर आहे का?" बर्निसने विचारलं.

"आहे की."

"मग आण."

"तूच घेऊन जा ना."

"एक्याऐंशी वर्षांची बाई शिडीवर चढून तुझं आडनाव लावणार? मी पडले तर बंब बाहेर आहेत आणि चालवणारे सगळे सूप पितायत."

 लॉइडने इंजिन बंद केलं.

अठ्ठावीस वर्षांनी तो बंबघरात शिरला तेव्हा कुणीही मान वर करून पाहिलं नाही. पाईक हॉलोत लाज राखायची हीच पद्धत आहे. कुणीतरी म्हणालं, "लॉइड, सूप गार होतंय," जणू तो आत्ताच हात धुवायला गेला होता. तो फळ्यासमोर उभा राहिला, मान तिरकी केली आणि म्हणाला, "फळाच वाकडा लावलाय." आधी त्याने तो सरळ केला. मग शिडीची एकच पायरी चढून 'ग्रूब'ची पट्टी लावली आणि अंगठ्याने पुसली.

उतरताना त्याचं लक्ष वरच्या रांगेत गेलं. 'टाउल १९९१' या पट्टीचा एक स्क्रू ढिला झाला होता आणि पट्टी लोंबत होती. बर्निस बघत होती. टेसाही बघत होती. लॉइडने हात वर नेला, स्क्रू भोकात नीट बसवला आणि आवळला. नंतर दुसराही आवळला, तो घट्टच होता.

"हार्लनला कधीही सरळ काही लावता आलं नाही," तो म्हणाला.

"माहीत आहे मला," बर्निस म्हणाली. "ॲपल पाय खाशील? घरी केलेला आहे."

त्याने दोन तुकडे घेतले.

नियमाप्रमाणे त्या रात्रीपुरता डबा विजेत्याकडे जातो. टेसाने जेवणाच्या टेबलावर चौदावं कार्ड काढून ठेवलं, शेजारी पेन ठेवलं. लॉइड समोर बसून आणलेल्या वड्या खात होता.

"काय करतेस?"

"दुरुस्ती. नियम अकरा."

"कशाला?"

"कशाला म्हणजे? अठ्ठावीस वर्षं तुम्ही..."

"हार्लनच्या पट्टीचा स्क्रू मी आत्ताच आवळलाय," लॉइड म्हणाला. "उद्या पुन्हा शिडीवर कोण चढणार? माझे गुडघे?" त्याने आणखी एक वडी उचलली. "आणि खरं सांगू, चौदावा प्रश्न चांगला आहे. लोकांना दम घेता येतो."

 अठ्ठावीस वर्षं या घरात सत्य राहत होतं असा टेसाचा समज होता. ते एक आडनाव निघालं, आणि आता त्याला फळ्यावर जागा मिळाली होती.

पण ती विज्ञान शिकली होती, आणि नमुना चुकीचा आहे हे कळल्यावर नोंद न करता बाटली बंद करणं तिला जमत नव्हतं. तिने नियम पुन्हा वाचले. नियम अकरा म्हणतो, दुरुस्ती कार्डावर करावी. कार्डाच्या कोणत्या बाजूला, ते म्हणत नाही. नियम चार म्हणतो, वाचणाऱ्याने कार्डाची पुढची बाजू वाचावी. तेव्हा तिने कार्ड उलटं केलं आणि मागे, शाईने, स्वतःच्या हाताने खरं उत्तर तारखेसह लिहिलं. मग ते बटाट्याच्या सॅलडशेजारी ठेवून झाकण लावलं. अशा रीतीने पाईक हॉलो हे सत्याची अधिकृत नोंद असलेलं गाव झालं, आणि त्यामुळे कुणाचीही गैरसोय झाली नाही. एप्रिलमध्ये लॉइड ॲरिझोनाला गेला. तिथल्या शेजाऱ्यांना तो सांगतो, की आमच्या घराण्याचं नाव गावच्या फळ्यावर आहे. कशासाठी, असं कुणी विचारलं तर तो म्हणतो, राष्ट्राध्यक्षांच्या अभ्यासासाठी.

असली माणसं ओहायोतच असायची, असं वाटून वाचकाला जरा बरं वाटलं असेल. तेव्हा एक किरकोळ खुलासा. या गोष्टीच्या दुसऱ्या परिच्छेदात राष्ट्राध्यक्षांविषयी सात गोष्टी सांगितल्या आहेत. त्यांपैकी सहा खऱ्या आहेत. गुरुजींना लिहिलेलं ते पत्र त्या राष्ट्राध्यक्षाच्या कागदपत्रांत आजवर कुणालाही सापडलेलं नाही. ते सापडतं वाचकाच्या शाळेत, मुख्याध्यापकांच्या खोलीबाहेर, काचेच्या चौकटीत. वाचकाने ते पाठ केलं होतं, स्नेहसंमेलनात म्हटलं होतं, आणि त्याबद्दल मिळालेलं प्रशस्तिपत्रक अजून कपाटात आहे. चौकटीच्या मागच्या बाजूला कुणी काही लिहून ठेवलंय का, हे बघायला ती खाली उतरवावी लागेल.

वाचकाची हरकत असल्यास ती लेखी द्यावी. सोबत तीन पुरावे जोडावेत. त्यांपैकी एक ते प्रशस्तिपत्रक असलं तरी चालेल.